बाराचा भोंगा

सव्विसाव्या मिनिटाला आवाज नाही.
चित्र आहे : जिना, जिन्याखालचं तळघर,
एक बाई पिठाची परात उचलून खाली धावते,
तिच्यामागे दोन मुलं, मुलांच्या मागे माझा कॅमेरा.
सायरन वाजत होता. मला माहीत आहे, मी तिथे होते.
पण माइकची पिन निसटली होती
आणि एक मिनिट दहा सेकंद
ती सगळी मुक्यानेच धावतात.

वरणगावात मे महिना. शेहेचाळीस डिग्री.
कूलरच्या गवतावर पाणी मारून
लॅपटॉप ओल्या फडक्यावर ठेवलाय.
संकलक पुण्याहून फोनवर म्हणतो,
कुठलाही भोंगा चालेल गं, कोणाला कळतंय?

कुठलाही.
इथे एक आहे,
काडतुसांच्या कारखान्याचा, बाराचा.
त्याच्यावर आईने एकतीस वर्षं तव्यावर भाकरी टाकली,
शाळेत आम्ही डबे उघडले,
सुपडू तडवीची म्हातारी त्याच्यावर गोळी घ्यायची,
रक्तदाबाची.
आमच्या गावात भोंगा वाजला की
माणसं बाहेर येतात.

आप्पा तपासणी खात्यात होते.
ढिगातून एक उचलायचं, दिव्याखाली फिरवायचं,
पितळेवर चरा दिसला की बाजूला.
माझ्या फिल्मच्या शिक्षणाची फी त्या पितळेतून गेली.
हे मी अर्जात लिहिलेलं नाही.
पैसे देणाऱ्यांनी रकाना ठेवला होता :
या विषयाशी आपला वैयक्तिक संबंध?
मी लिहिलं, माणुसकी.

काल दोघांना कच्चा कट दाखवला.
आई शेंगा सोलत बसली होती.
"ते बाई काय लाटून राह्यली?"
त्यांची रोटीच, म्हटलं, जरा जाड असते.
"पोयपाट नही का तिच्याजोय?"
नव्हता. खिडकीच्या फळीवर लाटायची.
खिडकी आधीच काढून ठेवलेली,
काचा नकोत म्हणून.
(तिचं नाव मी चित्रपटात बदललंय.
इथे तेही सांगत नाही.)

मग बावन्नाव्या मिनिटाला, लांबून,
एकामागून एक, तीन.
आप्पांची मान डावीकडे कलली.
तीच मान, दिव्याखालची.
"हे आपलं नव्हे," ते म्हणाले,
आणि तांब्याभर पाणी प्यायले.
कशावरून, मी विचारलं नाही.
त्यांनी सांगितलं नाही.
आई शेंगांची टरफलं गोळा करत राहिली,
पदरातली, पायाखालची,
होती त्याहून जास्त वेळ.

आज पावणेबाराला आम्ही दोघं गेटबाहेर, निंबाखाली.
माइक आप्पांनी धरला,
काठोकाठ भरलेली वाटी धरावी तसा.
भोंगा वाजला. मोटारसायकली सुटल्या.
कोणीतरी ओरडलं, "नेहेतेभाऊ, कायची शूटिंग?"
त्यांनी नुसता हात हलवला,
आवाजात आवाज नको म्हणून.

घरी येऊन ऐकलं. स्वच्छ आहे.
खाली बारीकसं डब्याचं झाकण, एक भारद्वाज,
कोणाचं तरी हसू.
चित्राखाली लावून पाहिलं.
ती परात घेऊन धावते
आणि मागे कोणीतरी हसतं.

हसू काढता येईल, संकलक म्हणतो,
दोन मिनिटांचं काम.
येईल.
मी भोंगाच काढला.
ती पुन्हा मुकी झाली, मुलंही.
त्या रिकाम्या मिनिटावर पांढऱ्या अक्षरांत पट्टी लिहिली :
इथला ध्वनी उपल्बध नाही.

आप्पा कधीचे मागे येऊन उभे होते,
चष्मा कपाळावरून खाली घेत.
"ल आणि ब उलटे पडले," म्हणाले,
आणि पडद्याला न टेकवता
नखाने ती जागा दाखवली.